गेम अनइन्स्टॉल केले तरी सी ड्राइव्ह लालच. मुळापासून कसे काढू, की सरळ फॉरमॅट मारू?

फॉरमॅट मारू नका. पुढचं वाचायला वेळ नसेल तर एवढं ऐका तरी.

तुम्ही लिहिलंय की व्हॅलोरंट, जीटीए फाइव्ह आणि ब्लूस्टॅक्स (पीसीवर फोनचे गेम चालवणारं सॉफ्टवेअर) तिन्ही काढून झाले, तरी सी ड्राइव्हची पट्टी लालच आहे, दुकानदार फॉरमॅट सांगतोय, आणि एखादं चांगलं क्लीनर सॉफ्टवेअर कोणतं. दुकानदार फॉरमॅटच सांगणार. तुमच्या मशीनमध्ये कुठे काय अडकलंय ते शोधत बसायला त्याला दोन तास नाहीत, आणि फॉरमॅटचा दर ठरलेला असतो.

इथे इंदुरात, रामबागेत, आत्याच्या घरच्या डेस्कटॉपचं अगदी हेच झालं. 240 जीबीची एसएसडी, तो सी. जोडीला 1 टीबीची जुनी हार्डडिस्क, तो डी. मुलगा बारावीला. आतोबांचा हेका एकच: फॉरमॅट मारला की विषय संपला. दुकानातही तेच, ‘भिया, फॉरमॅट मार देते हैं, एकदम नया हो जाएगा.’ मारला. पाचशे रुपये गेले. डेस्कटॉपवर ठेवलेले गणेशोत्सवाच्या वर्गणीचे सहा वर्षांचे हिशेब गेले, कारण डेस्कटॉप म्हणजे सी ड्राइव्हच, हे कुणाच्या लक्षातच आलं नाही. आणि जीटीए? ते डी वर होतं. शंभरेक जीबीचं ते धूड जागचं हललंही नाही. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी.

खरी गंमत पुढे. त्याच संध्याकाळी पोरानं स्टीम, म्हणजे गेम विकत घ्यायचं आणि चालवायचं अ‍ॅप, परत टाकलं, सेटिंग्जमध्ये स्टोरेजला जाऊन डी ड्राइव्ह जोडला, आणि गेम लायब्ररीत हजर! डाउनलोड करावं लागलंच नाही. हे का होतं ते एकदा डोळ्यांनी बघून घ्या, म्हणजे गेम काढणं म्हणजे काय ते नीट कळेल. डी ड्राइव्हवर स्टीमलायब्ररी, त्यात स्टीमअ‍ॅप्स. या फोल्डरमध्ये कॉमन नावाचं आणखी एक फोल्डर असतं, खरा गेम तिथे. पण त्याच्या शेजारी अ‍ॅपमॅनिफेस्ट_271590.एसीएफ अशी एक चिमुकली फाइल दिसेल. 271590 हा जुन्या जीटीए फाइव्हचा स्टीमवरचा नंबर. नोटपॅडमध्ये उघडा: सुरुवातीला अ‍ॅपस्टेट, मग नंबर, नाव, स्टेटफ्लॅग्ज पुढे 4, म्हणजे ‘पूर्ण बसवलेला’, इन्स्टॉलडिर पुढे फोल्डरचं नाव, साइझऑनडिस्क पुढे बाइट्सचा लांबलचक आकडा. गेम आहे की नाही हे स्टीम या फाइलवरून ठरवतं. विंडोज नवं आहे की जुनं, याच्याशी त्याला देणंघेणं नाही.

म्हणून फक्त कॉमनमधलं फोल्डर हातानं उडवलंत तर स्टीमच्या लेखी गेम तसाच असतो. प्ले दाबल्यावर चूक दाखवेल, आणि कुणी ‘फाइली तपासा’ म्हटलं की शंभर जीबी पुन्हा उतरवायला बसेल. उलट, एसीएफ फाइल तेवढी उडवलीत तर स्टीम म्हणेल गेम नाही, आणि डिस्क मात्र भरलेलीच. सरळ रस्ता असा: लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, मॅनेज, अनइन्स्टॉल. मग कॉमनमध्ये जाऊन स्वतः बघा. स्टीमनं स्वतः न आणलेल्या फाइली ते पुसत नाही. जीटीएला मॉड (गेममध्ये बाहेरून घातलेले बदल) लावले असतील तर मॉड्स नावाच्या फोल्डरमध्ये मूळ मोठ्या फाइलींच्या नकला पडलेल्या असतात, त्या एकट्याच कित्येक जीबी खातात. ते फोल्डर शिफ्ट-डिलीटनं उडवा. तिथेच शेजारी शेडरकॅश आणि वर्कशॉपमधलं कंटेंट या दोन फोल्डरांत त्याच नंबरचं काही उरलंय का तेही पाहा. रॉकस्टारचा लाँचर आणि सोशल क्लब या वेगळ्या नोंदी आहेत, इन्स्टॉल्ड अ‍ॅप्समधून स्वतंत्र काढाव्या लागतात.

एपिक या दुसऱ्या गेम-दुकानाचंही तसंच. सी वरच्या लपलेल्या प्रोग्रॅमडेटामध्ये एपिक, एपिकगेम्सलाँचर, डेटा, मॅनिफेस्ट्स असं आत जा. प्रत्येक गेमची एक ‘.आयटम’ फाइल असते. गेमचं फोल्डर गेलं आणि ही राहिली की लाँचर गोंधळतो. एक्सबॉक्सचे गेम एक्सबॉक्स अ‍ॅपमधूनच काढा. विंडोजअ‍ॅप्स फोल्डरची मालकी स्वतःकडे घेऊन आत कात्री चालवू नका, स्टोअरचे बाकीचे अ‍ॅप लंगडे होतात.

आता व्हॅलोरंट. गेम काढला तरी व्हॅनगार्ड, म्हणजे त्याचं चीटिंग पकडणारं (अँटी-चीट) सॉफ्टवेअर, मागे राहू शकतं. जागा फार खात नाही, पण मशीन चालू होतानाच कर्नलमध्ये, म्हणजे विंडोजच्या गाभ्यात, जाऊन बसतं, आणि घड्याळाशेजारी त्याचं लाल चिन्ह दिसत राहतं. इन्स्टॉल्ड अ‍ॅप्समध्ये रायट व्हॅनगार्ड अशी वेगळी नोंद शोधा आणि काढा. नोंदच नसेल किंवा जात नसेल तर कमांड प्रॉम्प्ट ‘रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर’ करून उघडा. ‘एससी डिलीट व्हीजीसी’ टाइप करून एंटर, मग ‘एससी डिलीट व्हीजीके’ आणि एंटर. तिन्ही शब्द इंग्रजी अक्षरांत, मधे एकेक जागा सोडून. व्हीजीसी ही सर्व्हिस, व्हीजीके हा ड्रायव्हर. मग रीस्टार्ट, आणि त्यानंतरच प्रोग्रॅम फाइल्समधलं रायट व्हॅनगार्डचं फोल्डर पुसा. रीस्टार्टच्या आधी पुसायला गेलात तर ‘फाइल वापरात आहे’ म्हणून अडेल.

इथे बरेच जण फसतात. रीस्टार्ट म्हणजे रीस्टार्टच, शट डाउन करून परत चालू करणं नव्हे. विंडोज 10 आणि 11 मध्ये फास्ट स्टार्टअप बहुतेक मशीनवर आधीपासून चालू असतं. शट डाउन केलं की कर्नल आणि ड्रायव्हर डिस्कवर गोठवून ठेवले जातात आणि सकाळी तसेच उठवले जातात. रात्रभर बंद ठेवलेल्या मशीनमध्येही तोच ड्रायव्हर जिवंत सापडतो आणि लोक म्हणतात, जातच नाही.

लीग ऑफ लेजंड्स खेळत असाल तर व्हॅनगार्ड ठेवा, त्यालाही ते लागतं. इझी अँटी-चीट आणि बॅटलआय यांचंही हेच: एक गेम काढला म्हणून ती काढू नका, दुसरा गेम त्यांच्यावर चालत असेल.

ब्लूस्टॅक्सवर माझा पहिला संशय. तुमच्या सी वरची जागा बहुधा तिथेच अडकली आहे. प्रोग्रॅमडेटामध्ये ब्लूस्टॅक्स_एनएक्सटी नावाचं फोल्डर असतं आणि त्यात आभासी डिस्कची फाइल, म्हणजे आख्खा अँड्रॉइड फोन एका फाइलीत. ती फुगत जाते, पण आतून फ्री फायर काढलं तरी आपोआप आकसत नाही. अनइन्स्टॉल अर्धवट झालं की ती तशीच पडून राहते. प्रोग्रॅमडेटा दिसत नसेल तर एक्सप्लोररमध्ये व्ह्यू, शो, हिडन आयटम्स.

अंदाज बांधत बसण्यापेक्षा विझट्री टाका, कुठल्या फाइलीनं किती जागा खाल्ली ते दाखवतं, फुकट आहे. अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवलं की ते एकेक फोल्डर उघडून मोजत नाही, डिस्कची फाइलींची मूळ यादीच वाचतं. पोह्यांवर जीरावन मसाला भुरभुरेपर्यंत सगळं उतरत्या क्रमानं समोर येतं. वरच्या दहा ओळी वाचा. हायबरफिल.सिस आणि पेजफाइल.सिस दिसतील, ती विंडोजची आहेत, गेमवर त्यांचा आळ घेऊ नका.

सेव्ह फाइली आणि सेटिंग्ज कुठे उरतात ते थोडक्यात. डॉक्युमेंट्स आणि त्यातलं माय गेम्स. जीटीए फाइव्ह डॉक्युमेंट्समध्येच रॉकस्टार गेम्स या फोल्डरात ठेवतं. युजरच्या फोल्डरातलं सेव्ह्ड गेम्स. मग अ‍ॅपडेटा: तिथे लोकल, लोकललो आणि रोमिंग असे तीन कप्पे. युनिटीवर बनलेले गेम लोकललो मध्ये कंपनीच्या नावानं बसतात, अनरियलवाले लोकलमध्ये सेव्ह्ड नावाचं फोल्डर करतात, माइनक्राफ्ट रोमिंगमध्ये .माइनक्राफ्ट. एक्सपीच्या जमान्यातला गेम असेल तर लोकलमधलं व्हर्च्युअलस्टोअरही उघडा: असे गेम प्रोग्रॅम फाइल्समध्येच सेव्ह लिहायला जायचे, आता तिथे परवानगी नसते, म्हणून विंडोज गुपचूप ते इकडे वळवतं. पुसण्याआधी हवं ते पेनड्राइव्हवर घ्या. डॉक्युमेंट्स वनड्राइव्हला जोडलेलं असेल तर इथे पुसलेलं ढगातूनही जातं. ग्राफिक कार्डाची शेडर कॅश डिस्क क्लीनअपमधून साफ होते. पुसली तरी लागेल तशी परत बनते, काळजी नाही.

यादीत नाव आहे पण गेम नाही, अशी भुतं उरली असतील तर विंडोज आणि आर दाबून ‘अ‍ॅपविझ.सीपीएल’ लिहा. जुनी खिडकी उघडेल. तिथे अनइन्स्टॉल दाबलं की बहुतेकदा विंडोज स्वतःच विचारतं, हे आधीच काढलेलं दिसतंय, यादीतून नाव उडवू का? हो म्हणा. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या आतल्या नोंदवहीत, हात घालायची वेळ क्वचितच येते. आलीच तर करंटव्हर्जनखालच्या अनइन्स्टॉल या कीमध्ये त्या गेमची नोंद शोधा, आधी एक्स्पोर्ट करा, मग तेवढीच नोंद पुसा. 32 बिटवाल्या गेमच्या नोंदी वाव6432नोडखाली असतात.

क्लीनर सॉफ्टवेअर? नको. रजिस्ट्री क्लीनरना मायक्रोसॉफ्ट स्वतः पाठिंबा देत नाही. हजार जुन्या नोंदी काढून काही केबी सुटतील, तुम्हाला पाहिजेत जीबी. रेव्होसारखं अनइन्स्टॉलर वापरायला हरकत नाही, पण शेवटी ते उरलेल्या फाइलींची यादी दाखवतं तेव्हा ‘सिलेक्ट ऑल’ मारू नका, वाचून टिक करा. आणि त्या यादीबाहेरची एक गोष्ट: व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबलच्या आठ-दहा नोंदी दिसल्या की लोकांना वाटतं गेमनं घाण केली. गेमनंच आणल्या असतील, पण टॅलीपासून प्रिंटरपर्यंत कोण त्यांच्यावर उभं आहे ते सांगता येत नाही. राहू द्या.

क्रॅक केलेला, कुणाच्या तरी हार्डडिस्कवरून कॉपी केलेला गेम असेल तर आधी त्याच्या फोल्डरमध्ये युनिन्स000.ईएक्सई आहे का बघा. असेल तर ती चालवा. नसेल तर अनइन्स्टॉल करायला काही नाहीच, फोल्डर पुसलं की झालं.

आता फॉरमॅटच्या बाजूनं जे बोलायचं ते बोलतो, नाहीतर आतोबा म्हणतील एकतर्फी लिहिलं. आत्याकडचं व्हॅनगार्ड फॉरमॅटनं गेलं, तेवढं मान्य. क्रॅकच्या इन्स्टॉलरनं अँटीव्हायरस बंद करायला लावला असेल आणि त्यानंतर ब्राउझर भलतीच पानं उघडत असेल, तर शोधाशोध करू नका, बॅकअप घ्या आणि विंडोज नवं टाका. मशीन विकायचं असेल तरीही तेच. आणि मुलानं परीक्षेपर्यंत खेळू नये एवढाच हेतू असेल तर यातलं काहीच उपयोगाचं नाही, विकत घेतलेला गेम अकाउंटला राहतो, दोन क्लिकमध्ये परत उतरतो; स्टीम फॅमिलीजमध्ये खेळायच्या वेळेवर मर्यादा घालता येते, ती घाला.

विंडोजचं स्वतःचं ‘रीसेट धिस पीसी’ वापरणार असाल तर ‘रिमूव्ह एव्हरीथिंग’ निवडल्यावर चेंज सेटिंग्ज उघडून बघा. एकाहून जास्त ड्राइव्ह असले की तिथे सगळ्या ड्राइव्हवरच्या फाइली पुसायच्या का हा प्रश्न असतो, आणि तो मुळात ‘नाही’वर असतो. म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या हिशेबातही ‘एव्हरीथिंग’मध्ये डी धरलेला नाही. आतोबांना हे पडद्यावर उघडून दाखवलं. त्यांचं अजूनही म्हणणं आहे की दुकानातल्या मुलानं फॉरमॅट नीट मारला नव्हता.