घुमटडोक्या डायनोसॉरची वंशावळ

पॅकिसेफॅलोसॉरस या जाड कवटीच्या डायनोसॉरबद्दल वाचकांनी विचारलेल्या प्रश्नांपैकी काही निवडक.

माझ्या मुलीच्या एका पुस्तकात ड्रॅकोरेक्स, स्टिगिमोलॉक आणि पॅकिसेफॅलोसॉरस असे तीन वेगळे डायनोसॉर दिलेत. दुसऱ्या पुस्तकात पहिल्या दोघांचा पत्ताच नाही. खरं कोणतं धरायचं?

दुसरं धरा. स्टिगिमोलॉकचं बारसं १९८३ मध्ये झालं, ड्रॅकोरेक्सचं २००६ मध्ये. ड्रॅकोरेक्सचं डोकं सपाट आणि काट्यांनी भरलेलं, स्टिगिमोलॉकला छोटा घुमट आणि मागे लांब शिंगं, तर पॅकिसेफॅलोसॉरसला भलामोठा घुमट आणि कडेला बोथट गाठी. चित्रं शेजारी ठेवली तर तीन प्राणी वाटतात यात नवल नाही. पण तिघांचेही जीवाश्म पश्चिम अमेरिकेतल्या साधारण एकाच काळातल्या, म्हणजे डायनोसॉर युगाच्या अगदी अखेरच्या, खडकांतले आहेत. शिवाय ड्रॅकोरेक्सचा प्रौढ कुणाला सापडला नव्हता आणि पॅकिसेफॅलोसॉरसचं पिल्लूही नाही. जॅक हॉर्नर आणि मार्क गुडविन या जीवाश्मतज्ज्ञांनी कवट्यांच्या हाडांचे पातळ काप सूक्ष्मदर्शकाखाली तपासले. पहिल्या दोघांचं हाड अजून वाढीला लागलेलं होतं. २००९ मध्ये त्यांनी मांडलं की हे एकाच प्राण्याचं बालपण, तारुण्य आणि प्रौढपण आहे: वयाबरोबर घुमट चढत जातो आणि काटे झिजून बोथट होतात. बहुतेक अभ्यासकांना हे पटलं आहे. स्टिगिमोलॉकचे नमुने खडकांच्या वरच्या थरांतून येतात, म्हणून ती त्याच प्रजातीतली (जीनस) थोडी नंतरची जाती (स्पीशीज) असावी, असं काहीजण म्हणतात. ती शंका रास्त आहे. ड्रॅकोरेक्सला मात्र वेगळं ठेवायला मला तरी कारण दिसत नाही.

हा प्राणी आधी दुसऱ्याच नावाने ओळखला जात होता असं वाचलं. म्हणजे कोणत्या?

एका नव्हे, दोन नावांनी. १८७२ मध्ये जोसेफ लायडी यांनी हाडाच्या एका गाठाळ तुकड्याला टायलोस्टिअस म्हटलं. तो एखाद्या सरपटणाऱ्या किंवा आर्माडिलोसारख्या प्राण्याच्या कवचाचा असावा असा त्यांचा कयास होता. नंतर त्या तुकड्याकडे शंभरेक वर्षं कुणी ढुंकूनही पाहिलं नाही.

१९३१ मध्ये वायोमिंगमधल्या एका कवटीच्या भागाला चार्ल्स गिलमोर यांनी ट्रूडॉन वायोमिंजेन्सिस असं नाव दिलं. ट्रूडॉन तेव्हा फक्त दातांवरून माहीत होता. तसेच दात कॅनडातल्या स्टेगोसेरास या लहान घुमटडोक्या प्राण्यालाही आहेत, असं गिलमोर यांना १९२४ मध्येच वाटलं होतं. त्यामुळे सगळ्या घुमटडोक्यांचं कुळच ट्रूडॉनच्या नावे गेलं. १९४३ मध्ये बार्नम ब्राऊन (टायरॅनोसॉरस शोधणारे तेच) आणि एरिक श्लायक्येर यांनी एका उत्तम कवटीवरून पॅकिसेफॅलोसॉरस ही प्रजाती उभी केली आणि गिलमोर यांचा वायोमिंजेन्सिसही तिच्यात घातला. दोनच वर्षांनी चार्ल्स एम. स्टर्नबर्ग यांनी दाखवून दिलं की ट्रूडॉनचे दात मांसाहारी डायनोसॉरचे आहेत, आणि घुमटवाल्यांना पॅकिसेफॅलोसॉरिडी हे त्यांचं स्वतःचं कुळ मिळालं. ट्रूडॉन पुढे पक्ष्यांच्या जवळच्या नात्यातला ठरला. दातांवरून सोयरीक जुळवली की असं होतं!

लायडींचा तो तुकडा पॅकिसेफॅलोसॉरसचाच असल्याचं उमगलं १९७९ च्या सुमारास. नियमाप्रमाणे जुनं नाव श्रेष्ठ, पण टायलोस्टिअस कुणी वापरतच नव्हतं. म्हणून १९८० च्या दशकात प्राणिनामांच्या आंतरराष्ट्रीय आयोगाने रुळलेलं नाव कायम केलं.

मी नववीत आहे. प्रकल्पासाठी याचं पूर्ण वर्गीकरण हवं आहे.

लिहून घे: डायनोसॉरिया, ऑर्निथिस्किया, मार्जिनोसेफॅलिया, पॅकिसेफॅलोसॉरिया, पॅकिसेफॅलोसॉरिडी, मग प्रजाती पॅकिसेफॅलोसॉरस आणि जाती वायोमिंजेन्सिस. ऑर्निथिस्कियाची ओळख कमरेच्या हाडांवरून पटते. त्यांचं जघनास्थी पक्ष्यांसारखं मागे वळलेलं असतं, तरी पक्षी आले ते दुसऱ्या शाखेतून. तोंडी परीक्षेत इथे हमखास गोंधळ होतो. मार्जिनोसेफॅलिया हा गट पॉल सेरेनो यांनी १९८६ मध्ये मांडला. कवटीच्या मागच्या कडेला हाडाची पुढे आलेली पट्टी असलेले प्राणी त्यात येतात, म्हणून ट्रायसेराटॉप्स हा आपल्या घुमटवाल्याचा चुलतभाऊ. प्रत्येक पायरीला गण की उपगण म्हणायचं यावर आजचे अभ्यासक फारसा वेळ घालवत नाहीत. बाईंनी विचारलंच तर पॅकिसेफॅलोसॉरिडीपुढे ‘कुळ’ लिही.

ते खरंच डोक्यांनी टकरा घेत?

मला वाटतं, घेत. २००४ मध्ये गुडविन आणि हॉर्नर यांनी हाडाच्या रचनेवरून ही कल्पना खोडून काढली होती. पण २०१३ मध्ये शंभराहून अधिक घुमट तपासले गेले, तेव्हा सुमारे २२ टक्के घुमटांवर बऱ्या झालेल्या किंवा चिघळलेल्या जखमांच्या खुणा आढळल्या. सपाट डोक्याच्या नमुन्यांवर त्या नव्हत्या. आता समोरासमोर धडक की कुशीत ढुशी, हा वाद चालू राहील. पॅकिसेफॅलोसॉरसच्या घुमटाची जाडी २० सेंटीमीटरच्या वर जाते. एवढं हाड निव्वळ मिरवायला असेल हे पटत नाही.

भारतात यांचा एखादा नातलग होता का?

भारतातून खात्रीचा एकही घुमटडोक्या मिळालेला नाही. हे कुळ उत्तर अमेरिका आणि आशियाच्या उत्तर-पूर्व भागातलं, त्यातही मंगोलियातलं. तिथला प्रेनोसेफॅली प्रसिद्ध आहेच. २०२५ मध्ये तिथूनच झावासेफॅली जाहीर झाला. सुमारे १० कोटी ८० लाख वर्षांपूर्वीचा हा प्राणी या कुळातला सर्वांत जुना नमुना असून त्याचं डोक्याखालचं शरीरही बरंचसं टिकलं आहे. हे फार मोलाचं, कारण एरवी यांचे नुसते घुमटच हाती लागतात.

दक्षिणेकडच्या भूभागांत ते असल्याची हूल मात्र एकदा उठली होती. मादागास्करमधल्या एका घुमटाला १९७९ मध्ये मजुंगाथोलस नाव देऊन पॅकिसेफॅलोसॉरमध्ये बसवलं गेलं. १९९० च्या दशकात तिथे पूर्ण कवटी मिळाली आणि १९९८ मध्ये उलगडा झाला: तो मांसाहारी होता, डोक्यावर टेंगूळ असलेला. आता त्याला मजुंगासॉरस म्हणतात, आणि त्याचा नातलग खरोखर आपल्याकडे आहे. गुजरातेत बालासिनोरजवळच्या रैयोलीतला राजासॉरस. २००३ मध्ये त्याचं वर्णन करणाऱ्यांत मार्जिनोसेफॅलियावाले सेरेनोही होते.