अंगावर उठलेले चट्टे आणि घरातला कोळी

प्रश्न : आमची सोसायटी घोडबंदर रस्त्यावर, येऊरच्या डोंगराजवळ आहे. गेल्या आठवड्यात न्हाणीघरात तळहाताएवढा तपकिरी कोळी दिसला. त्याने पोटाखाली पेढ्यासारखे चपटे, पांढरे काहीतरी धरले होते. त्यानंतर दोन दिवसांनी मुलीच्या मानेवर जळजळणारा लाल पट्टा उठला आणि त्यावर बारीक फोड आले. सासूबाईंच्या मते अंगावर कोळी मुतला. विषारी कोळी ओळखायचा कसा आणि त्याचा दंश टाळायचा कसा? – एक वाचक, ठाणे (पश्चिम)

उत्तर : आपल्या वर्णनावरून ती शिकारी कोळ्याची मादी असावी, पोटाखाली होती ती तिची अंडपिशवी. हा कोळी जाळे विणत नाही, भिंतीला चपटा चिकटून राहतो आणि रात्री झुरळे पकडतो. हातात धरला किंवा कोंडीत सापडला तरच तो चावतो आणि दुखणे बहुधा चावलेल्या जागेपुरतेच राहते. त्याला चपलेने मारण्यापेक्षा डब्याखाली धरून, खालून पुठ्ठा सरकवून बाहेर सोडणे बरे.

मुलीच्या मानेवरील पट्ट्याचा दोष मात्र कोळ्यावर टाकता येणार नाही. पावसाळ्यात ट्यूबलाइटकडे येणारा ‘पेडेरस’ नावाचा भुंगेरा जेमतेम ७ ते १० मिलिमीटर लांब असतो : डोके काळे, मधला भाग नारिंगी, आखूड पंख निळसर, शेपटाचे टोक पुन्हा काळे, पाहताक्षणी मुंगीच वाटते. तो चावत नाही, परंतु झोपेत मानेखाली चिरडला गेला की त्याच्या अंगातील ‘पेडेरिन’ हे द्रव्य त्वचेला लागते आणि साधारण दिवसाभराने, हात फिरला असेल त्या रेषेत, भाजल्यासारखा पट्टा उठतो. म्हणून असा कीटक अंगावर दिसल्यास चिरडू नये, फुंकर मारून उडवावा आणि ती जागा साबणाने धुवावी. तोच हात डोळ्यांना लागू देऊ नये. शरीराच्या एकाच बाजूला, आधी ठणका लागून मग फोड आले असतील, तर ती नागीणही असू शकते. दोन्हींपैकी नेमके काय, हे त्वचारोगतज्ज्ञांकडून तपासून घ्यावे. चुना मुळीच लावू नये.

आता विषारी कोळ्यांविषयी. जवळजवळ सर्वच कोळ्यांना विष असते, कारण भक्ष्य लुळे करण्याचे तेच त्यांचे साधन आहे. आपल्याला अपाय होईल असे मोजकेच. आपल्या भागात जपायचे ते टॅरँट्युलापासून. अंगाने भरलेला, केसाळ आणि जाड पायांचा हा कोळी झाडांच्या ढोलीत किंवा जमिनीतील बिळात राहतो. झाडांवर राहणाऱ्या जातींच्या दंशाने स्नायूंना पेटके येतात आणि ते काही दिवस पुन्हापुन्हा येऊ शकतात. ब्लॅक विडो गटातील काळसर, गोलसर पोटाच्या आणि बहुधा पोटावर लाल खूण असलेल्या माद्यांची नोंद भारतात आहे. त्या अडगळीत, विटांच्या ढिगात विस्कळीत जाळे करतात. कोपऱ्यातील जळमटात उलटा लटकणारा लांब, बारीक पायांचा कोळी आणि खिडकीत टुणटुण उड्या मारणारा छोटा कोळी यांना घाबरण्याचे कारण नाही.

दंश टाळण्यासाठी बूट झटकून घालावेत, कुंड्या व अडगळ हलवताना जाड हातमोजे वापरावेत, पलंग भिंतीपासून थोडा दूर ठेवावा. कोळी चावलाच तर जागा साबण-पाण्याने धुवावी, कापडात गुंडाळलेला बर्फ लावावा, आवळपट्टी बांधू नये आणि चिरा तर देऊच नये. पेटके, दरदरून घाम, श्वास घेण्यास त्रास किंवा चेहऱ्यावर सूज दिसली, अथवा चावा लहान मुलाला असेल, तर तत्काळ रुग्णालय गाठावे. शक्य असल्यास कोळ्याचे छायाचित्र सोबत न्यावे.

प्रश्न : कोळ्यांसाठी पेस्ट कंट्रोल करून घ्यावे का? – एक वाचक, खारघर

उत्तर : केवळ कोळ्यांसाठी नको. घरात झुरळे आणि पाखरे असतात तोवर कोळी येतच राहतात. खिडक्यांना बारीक जाळी बसवावी, बाल्कनीतील दिवा रात्री मालवावा आणि जळमटे लांब दांड्याच्या झाडूने काढावीत.