स्कोअर मिटून ठेव

अगं मुली,

सोळाव्या शतकातला इंग्लिश संगीतकार बायर्ड, त्याच्या चार आवाजांच्या मासमध्ये, म्हणजे कॅथलिक उपासनेच्या गायनात, तू हरवलीस, म्हणून थेट "मला हे जमणार नाही"? त्याहून राग आला तो तुझ्या पत्रातल्या पुढच्या वाक्याचा. पुढच्या तालमीला छापील स्कोअर, सगळ्या आवाजांच्या ओळी एकाखाली एक दाखवणारा, फाइलमध्ये लपवून आणू का, म्हणे. नको आणूस. स्कोअर मिटून ठेव.

बायर्ड आणि त्याच्याच काळातला संगीतकार टॅलिस यांनी 1575 साली आपले लॅटिन मोटेट, म्हणजे अनेक आवाजांची धार्मिक गाणी, छापले ते सहा सुट्या पुस्तिकांत. ज्याच्या त्याच्या हाती फक्त स्वतःची ओळ. बार-रेषा नाहीत, शेजारचा कुठे पोचलाय याची खूण नाही. ते कळायचं कानानंच. ओळ संपताना कुठला स्वर अर्ध्या सुरानं चढवायचा हेही बरेचदा लिहिलेलं नसे. गाणारा ते ऐकून ठरवी. आज संपादक ती चढवायची खूण, शार्प, स्वराच्या डोक्यावर छापून देतो, आणि तू वाचत बसतेस.

तेव्हा कॅथीड्रलमध्ये वरची ओळ मुलगे गायचे, मग माझं गाणं कसलं अस्सल, असं विचारतेस. बरोबर आहे. त्यांचे गळे आपल्याला मिळणार नाहीत. त्यांची भीतीही नाही: तेव्हा इंग्लंडमध्ये कॅथलिक उपासना बेकायदा होती, म्हणून बायर्डच्या मास मुखपृष्ठाशिवाय छापल्या गेल्या आणि घराघरांत चोरून गायल्या गेल्या. त्यांची काम करायची रीत मात्र आपल्याला आजही घेता येते. तीच का टाकायची?

आणि तुला कानाची भीती? पुण्यात तानपुऱ्यासमोर वाढलेली तू! तानपुऱ्यातून आपसूक उमटणारा गंधार पियानोच्या गंधारापेक्षा सुमारे 14 सेंटनी (सेंट म्हणजे अर्ध्या सुराचा शंभरावा भाग) उतरलेला असतो. मेजर कॉर्डमध्ये तो तिथे आणायला इथल्या चांगल्या गायकांनाही वेळ लागतो. तुझा पहिल्याच तालमीत बसला. तेव्हा बोललो नाही. कौतुक करायची सवय नाही मला.

माझं तारुण्य मोठाल्या कोरसमध्ये गेलं. हातात जाडजूड स्कोअर, सगळं बिनचूक, आणि शेजारचा टेनर, म्हणजे पुरुषांतला वरचा आवाज, श्वास कुठे घेतो हे वर्षानुवर्षं ठाऊक नव्हतं. त्याची हळहळ अजून आहे. पुढे माझ्या गटात स्कोअर बंद केले तेव्हा निम्मे लोक सोडून गेले. त्यांच्या रेकॉर्डिंग निघाल्या, माझी एकही नाही. हेकट म्हणतात मला. म्हणोत. जे उरले त्यांना एकमेकांचं गाणं ऐकू येतं, आणि मला तेवढंच हवं होतं.

हरवलीस तर कागदावर बोट फिरवू नकोस. बासकडे, सगळ्यांत खालच्या आवाजाकडे, कान लाव, कॅडन्सला, म्हणजे ओळ विसावते तिथे, तो कुठे उतरतो ते ऐक, पुढच्या लॅटिन शब्दावर आत शिर. दोन ओळी बुडाल्या तर बुडू देत.

ऑक्सफर्डच्या क्राइस्ट चर्चमध्ये त्याच काळातल्या जॉन बाल्डविननं हातानं उतरवलेल्या अशाच सहा पुस्तिकांपैकी पाचच उरल्यात, टेनरची हरवली. दुसरीकडे नक्कल नसेल तिथे अभ्यासकांना ती ओळ बाकीच्यांवरून रचावी लागते. पुढच्या महिन्यात त्यातलंच एक गाणं घेतोय, टेनरची जागा मोकळी ठेवून. तिथे काय असायला हवं ते तू गाऊन दाखवायचंस. आधी लिहून आणलेलं चालणार नाही.