हेराक्लीसची कामं दहा की बारा?

प्रश्न : ग्रीक पुराणकथांतला वीर हेराक्लीस याला दहाच कामं सांगितली होती, असं वाचलं. मग सगळीकडे बारा कशी?

उत्तर : ठरली दहाच होती, ती सांगणाऱ्या राजा युरिस्थियसने दोन बाद केली. लेर्नाच्या दलदलीतल्या नऊ तोंडांच्या हायड्रा या सापाचं एक डोकं उडवलं की तिथे दोन फुटायची. म्हणून पुतण्या आयोलाउस प्रत्येक तुटलेली मान लगेच जळत्या लाकडाने डागत गेला. मधलं डोकं अमर. ते जड शिळेखाली पुरलं. पण मदत घेतली, म्हणून काम अमान्य! राजा ऑजियसचे गुरांचे गोठे अल्फियस आणि पेनियस नद्या वळवून एका दिवसात धुतले, तर मजुरी म्हणून गुरांचा दहावा हिस्सा मागितला होता, हे निमित्त झालं. (ऑजियसने तो दिलाच नाही, ते वेगळंच.) भरपाई म्हणून हेस्पेरिडी नावाच्या अप्सरांची सोन्याची सफरचंदं आणि पाताळाचा राखणदार कुत्रा सर्बेरस आणायचं काम वाढलं.