पोलिसांनी केस बंद करायला घेतली, आता पुढे काय?

प्रश्न : वकीलसाहेब, पेडण्यात आजोबांच्या नावचं भाट (बागायतीची जमीन) आहे आमचं. मध्ये फॉर्म वन-फोर्टीन, म्हणजे जमिनीचा उतारा, काढला तर त्यावर कुणा परक्याचंच नाव. शोधलं तेव्हा कळलं की आजोबांच्या सहीच्या पॉवर ऑफ ॲटर्नीवर सेल डीड झालंय, पॉवर ऑफ ॲटर्नी २००४ ची आणि आजोबा वारले १९९८ ला! गेल्या वर्षी एफआयआर झाली, पण तपासवाले साहेब पहिल्या दिवसापासून 'हे सिव्हिल मॅटर' हेच म्हणत राहिले आणि आता मॅजिस्ट्रेट कोर्टाची नोटीस आलीय की पोलिसांनी क्लोजर रिपोर्ट घातलाय. धाकटा भाऊ म्हणतो सरळ पर्वरीला हायकोर्टात जाऊ आणि सीबीआय मागू. काय करावं?
— एक वाचक, पेडणे

उत्तर : भावाला म्हणावं जरा दम धर. क्लोजर रिपोर्ट म्हणजे केस संपली असं नाही, केस बंद करावी हे फक्त पोलिसांचं म्हणणं. तक्रारदाराला ऐकल्याशिवाय मॅजिस्ट्रेटनी तो मान्य करायचा नाही हे सुप्रीम कोर्टाने १९८५ लाच भगवंत सिंग केसमध्ये सांगून ठेवलंय, तुम्हाला नोटीस आली ती त्यामुळेच. तारखेला मात्र जायचंच, आणि कुणी 'इथे सही करा, हरकत नाही म्हणून' असं म्हणत कागद पुढे केला तर सही करू नका.

रिपोर्ट आणि जबान्यांच्या नकला मागा आणि प्रोटेस्ट पिटिशन, म्हणजे क्लोजर रिपोर्टला हरकत घेणारा अर्ज, घाला. आता यात लोक काय करतात, चार पानं भरून 'पोलीस मॅनेज झाले' एवढंच लिहितात, त्याने काही होत नाही हो. काय तपासलं नाही ते लिहा. आजोबांच्या मरणाची नोंद रजिस्टरमधून आणली का? नोटरीचं रजिस्टर बघितलं का? सेल डीडवरच्या साक्षीदारांना एकदा तरी बोलावलं? सही हस्ताक्षर तज्ज्ञाकडे पाठवली? नसेल पाठवली तर आजोबांच्या खऱ्या सह्या कुठे मिळतील तेही तुम्हीच सांगा, जुनं बँक पासबुक, सोसायटीचे कागद, काहीही. मेलेला माणूस सहा वर्षांनी सही करतो हा प्रश्न सिव्हिल कसा, हे एका वाक्यात विचारा.

मग मॅजिस्ट्रेट रिपोर्ट नाकारून स्वतः दखल घेऊ शकतात, नाहीतर पुढचा तपास करा असा पोलिसांना हुकूम देऊ शकतात. रिपोर्ट मान्यच केला तर सेशन्स कोर्टात रिव्हिजन, म्हणजे तो हुकूम तपासून बघा असा अर्ज, आहे, ९० दिवसांच्या आत. शिवाय भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २२३ खाली खासगी फिर्याद, म्हणजे तुम्हीच थेट मॅजिस्ट्रेटकडे केलेली तक्रार, आहेच, फक्त तिथे पुरावा तुम्हालाच ओढत न्यावा लागतो.

सीबीआयचं म्हणाल तर तो हुकूम मॅजिस्ट्रेट देऊ शकत नाहीत, हायकोर्ट देऊ शकतं पण अगदी क्वचित. आणि तपास नीट नाही म्हणून थेट हायकोर्ट गाठू नका, आधी मॅजिस्ट्रेटकडे जा, हे सुप्रीम कोर्टाच्या २००७ च्या साकिरी वासू निकालात आहे. हणजुण्याची २००८ ची स्कार्लेट कीलिंग या ब्रिटिश मुलीची केस आठवते? सुरुवातीला बुडून मेली म्हणून सांगितलेलं, तिची आई मागे लागली, दुसरं शवविच्छेदन झालं, मग सीबीआयकडे गेली आणि हायकोर्टात एकाला शिक्षा झाली ती २०१९ ला. म्हणजे सीबीआय आली म्हणून लवकर सुटतं असं काही नाही.

पोलीस कंप्लेंट्स ऑथॉरिटी आहे गोव्यात, पण ती अधिकाऱ्याच्या वागण्यासाठी. तुमचा तपास ती करून देणार नाही. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर १५१०० ला फोन लावा, फुकट कायदेशीर मदतीचा नंबर आहे तो, बाईमाणसाला तर उत्पन्नाची अटही नाही, अर्ज आईच्या नावाने करता येत असेल तर बघा.

आणि एक, फौजदारी केस कितीही चांगली चालली तरी तेवढ्याने सेल डीड रद्द होत नाही. त्यासाठी सिव्हिल कोर्टात वेगळा दावा लागतो आणि त्याची मुदत साधारण तीन वर्षं, तीही फसवणूक कळल्यापासून. तेव्हा वन-फोर्टीन काढलात त्या दिवशीची पावती जपून ठेवा.