प्लॉट विकून कुणी निर्माती होत नाही

प्रश्न : मुलगी बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला आहे. तिला मराठी चित्रपटांच्या निर्मितीत जायचंय. ओळखीचे एक दिग्दर्शक म्हणतात, 25 लाख घाला, तिला सहनिर्माती करतो, सरकारी अनुदानातून पैसे परत येतील. मी प्लॉट विकतोय. दोन वर्षांत नाव झालं नाही, तर मात्र तिचं लग्न करून टाकू. बरोबर आहे ना? – एक वडील

उत्तर : नाही. आणि प्लॉटपेक्षा मला धास्ती वाटते ती तुमच्या दोन वर्षांच्या अटीची. कथा हातात आल्यापासून चित्रपट थिएटरला लागेपर्यंतच कित्येकदा तेवढा काळ जातो. चित्रपट रखडला तर प्लॉट गेल्याचा ठपका तिच्यावर येणार आणि वर लग्नालाही उभं राहावं लागणार. लेकीच्या लग्नाची अशी मुदत घालायचा तुम्हाला अधिकार नाही. ती अट आजच मागे घ्या.

पैसे घालतो तो निर्माता, हा समज आधी सोडा. नुसते पैसे घालणारा फायनान्सर. निर्माता कथेचे हक्क घेतो, बजेट बांधतो, पैसा उभा करतो, तारखा जुळवतो, सेन्सॉर करून घेतो, वितरकांशी बोलणी करतो. 1957च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता निर्माताच असतो. सॅटेलाइट (म्हणजे टीव्हीवर दाखवण्याचे), डिजिटल, डबिंग, रिमेक हे हक्क विकून तो कमावतो. त्यात मुलीचा वाटा किती, हे करारात लिहिलंय का? नसेल, तर 25 लाखांत फक्त श्रेयनामावलीत नाव मिळेल. अनुदानाचं म्हणाल, तर चित्रपट पूर्ण होऊन सेन्सॉर झाल्यावर परीक्षण समिती दर्जा ठरवते, त्यावर ते अवलंबून. त्याच्या भरवशावर जमीन विकायची नसते.

तिचं बी.कॉम. इथे फार कामाचं आहे. पदवी झाली की तिला एखाद्या युनिटमध्ये प्रॉडक्शन असिस्टंट म्हणून लागू द्या. दिवसभर व्हाउचर गोळा करायची, टीडीएस-जीएसटीचा हिशेब ठेवायचा, पॅकअपनंतर उद्याची कॉल शीट सगळ्यांना पाठवायची : कोण किती वाजता मेकअपला बसणार, जनरेटर कुठे लावायचा, लोकेशनची परवानगी कुणाजवळ आहे. लाइन प्रोड्यूसर, म्हणजे शूटिंगचा रोजचा खर्च आणि कामकाज सांभाळणारे, याच कामातून तयार होतात. शिकायचंच असेल तर कोलकात्याच्या सत्यजित राय चित्रपट प्रशिक्षण संस्थेत निर्मितीचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे, त्याला प्रवेश परीक्षा असते.

तुमच्या पत्रात दिग्दर्शकांचं म्हणणं आहे, तुमचं आहे, मुलीचं एकही वाक्य नाही. तिला काय यायला लागलंय, कुठलं काम आवडतं, हे तिलाच लिहू द्या. तिला मी सविस्तर उत्तर देईन.