मुलगी मामाकडे आणि हातात कोर्टाची नोटीस

“आमच्याच पोरीला आमच्या माणसांकडं ठेवलंय. त्यात गुन्हा कसला?” सोलापुरात अक्कलकोट रोडवरच्या यंत्रमाग कारखान्यात काम करणाऱ्या एका वडिलांनी सल्ला घ्यायला आल्यावर विचारलेला हा प्रश्न. (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.) मुलगी २१ वर्षांची, बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला. दुसऱ्या जातीतल्या मुलाशी लग्न करायचं म्हणाली, म्हणून फोन काढून घेऊन तिला मामाकडे नेऊन ठेवलं. त्याला ११ दिवस झाले होते. मुलाने हायकोर्टाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे हेबिअस कॉर्पस, म्हणजे कोंडलेल्या व्यक्तीला कोर्टापुढे हजर करायला लावणारी बंदी प्रत्यक्षीकरण याचिका केली. सोलापूरची अशी प्रकरणं १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबईऐवजी तिकडे जातात. मुलीला चार दिवसांनी हजर करा, असा निरोप पोलिसांनी दिला होता.

वडिलांना वाटत होतं की लग्न झालेलं नाही, तर त्या मुलाला याचिकेचा अधिकारच नाही. पण कोंडलेल्या माणसासाठी मित्रही कोर्टात जाऊ शकतो. तिथे जात, पगार, घराणं यांची चौकशी होत नाही. मुलगी सज्ञान आहे का आणि तिला कुठे राहायचंय, एवढंच कोर्ट बघतं. वय १८च्या आत असतं तर बालकल्याण समिती आणि पोक्सोचा (मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या कायद्याचा) विचार आला असता. इथे तो प्रश्न नव्हता. केरळच्या हादिया या सज्ञान तरुणीने स्वतःच्या मर्जीने केलेलं लग्न वडिलांच्या याचिकेवरून केरळ हायकोर्टाने रद्दच केलं होतं. सुप्रीम कोर्टाने ८ मार्च २०१८ला तो निकाल फिरवला.

आता गुन्ह्याचं. या याचिकेत शिक्षा होत नाही, सुटका होते. मात्र मुलीने वेगळी तक्रार दिली तर भारतीय न्याय संहितेचं कलम १२७ लागतं. १० दिवस किंवा जास्त कोंडून ठेवल्यास ५ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. हा आकडा ऐकून वडील बराच वेळ गप्प बसले.

नातेवाइकांनी त्यांना दोन सल्ले दिले होते: मुलीला कलबुर्गीला हलवा, आणि मुलावर दागिने चोरल्याची तक्रार ठोका. दोन्ही घातक. नोटीस मिळाल्यावर मुलगी लपवली तर कोर्टाचा अवमान होतो. खोटी तक्रार उघडी पडली की वडिलांच्या खऱ्या बोलण्यावरही कोणी विश्वास ठेवत नाही.

मग त्यांनी मनातलं सांगितलं: “तुम्हीच समजावा तिला. तुमचं ऐकेल.” याला ठाम नकार द्यावा लागला, आणि तो द्यायलाच हवा. अशा प्रकरणात समुपदेशनाच्या नावाखाली व्यक्तीची इच्छा मोडू नये, असं सुप्रीम कोर्टाने २०२४मध्ये हायकोर्टांनाही बजावलंय. समुपदेशनाची गरज आईवडिलांना होती: भावकीत काय सांगायचं, धाकटीचं लग्न कसं जमणार. दोन बैठका याच भीतीवर गेल्या.

दरम्यान कामं त्याच दिवशी सुरू केली. मामाला फोन करून दाराचं कुलूप काढायला लावलं. मुलीला तिचा फोन परत दिला. ती कुठे आहे हे पोलीस ठाण्यात लेखी दिलं. दहावीचं प्रमाणपत्र, आधार कार्ड, बँकेचं पासबुक तिच्या हातात दिलं. हे कागद अडवून ठेवणं म्हणजेही तिची वाट अडवणंच. कोर्टात काय बोलायचं ते कोणीही पढवायचं नाही, असं आईलाही सांगितलं. न्यायमूर्ती मुलीशी चेंबरमध्ये, दोन्ही बाजूंना बाहेर ठेवून बोलू शकतात. पाठ केलेलं उत्तर दुसऱ्या प्रश्नालाच अडखळतं.

मुलीशी एकटीशी बोलणं झालं तेव्हा चारच गोष्टी विचारल्या: कुठे राहायचंय, कोणाची भीती वाटते, पैसे किती आहेत, लग्न आत्ताच करायचंय का. चौथा प्रश्न कोणी तिला आधी विचारलाच नव्हता. तिला आधी परीक्षा द्यायची होती, तीही वसतिगृहात राहून. लग्न नंतर, नोंदणी पद्धतीने. विशेष विवाह कायद्यात ३० दिवसांची नोटीस आणि तीन साक्षीदार लागतात, हे तिला सांगितलं. गरज पडली तर ११२ला फोन करायचा, आणि मोफत वकिलासाठी १५१००. उत्पन्न कितीही असलं तरी स्त्रीला विधी सेवा प्राधिकरणाचा वकील मिळतो.

कोर्टात तिने हेच सांगितलं आणि वसतिगृहात जायची मोकळीक तिला मिळाली. गादी आणि पुस्तकं आईने दुसऱ्या दिवशी रिक्षाने पोचवली.